अंगठीतलं पोवळं आणि मालवणच्या पाण्यातले प्रवाळ एकच का?

तुम्ही विचारलंय की आईच्या अंगठीत लालभडक पोवळं आहे, पण मालवणला स्नॉर्केलिंग करताना गाईडने एका तपकिरी खडकाकडे बोट दाखवून "हे प्रवाळ" म्हटलं. मग खरं कुठलं? आणि किनाऱ्यावर सापडलेला पांढरा तुकडा घरी आणला तर चालेल का?

दोन्ही खरी, फक्त नातं लांबचं. अंगठीतलं अस्सल लाल पोवळं प्रामुख्याने भूमध्य समुद्रातलं. त्याचा सांगाडाच लाल असतो, ते अंधाऱ्या कपारींत वाढतं आणि प्रवाळभिंती बांधत नाही. तुम्ही मालवणला पाहिलेत ते भिंती बांधणाऱ्या कुळातले. त्यांचा सांगाडा चुन्याचा, पांढरा. तपकिरी रंग त्यांच्या अंगात राहणाऱ्या शैवालाचा.

सिंधुदुर्ग किल्ल्याजवळ मी पहिल्यांदा पाण्यात उतरलो तेव्हा मलाही तो नुसता धोंडाच वाटला होता. पाणी गढूळ, हातभर अंतरावरचं जेमतेम दिसत होतं. श्वास सावरून तरंगत जवळ गेलो तेव्हा त्यावर टाचणीच्या डोक्याएवढे खळगे दिसले, हजारोंनी, एकाला एक चिकटून. प्रत्येक खळग्यात एक प्राणी राहतो, पॉलिप. एक तोंड, भोवती इवल्या स्पर्शिका, खाली चुन्याची वाटी. तो वाटीचा तळ वर वर बांधत जातो आणि स्वतः वर सरकतो. म्हणजे आतला सगळा धोंडा सोडून दिलेलं घर, जिवंत भाग फक्त वरची काही मिलिमीटरची साय. पोरायटिस जातीचा असा गोळा वर्षाला साधारण एक सेंटीमीटर वाढतो. कमरेइतका उंच गोळा दिसला तर तो आपल्या पणजोबांच्या काळातला समजा. त्याच सायीवर लोक चप्पल घालून उभे राहतात, होडीचे नांगर पडतात, ते पाहून मला फार त्रास होतो. फिन्सने उडालेला गाळसुद्धा त्याला अंगातला चिकट स्राव खर्चून झटकावा लागतो.

शैवालाचं प्रकरण सगळ्यात महत्त्वाचं. ते पॉलिपच्या पेशींतच राहतं, उन्हावर साखर तयार करतं आणि प्रवाळाला लागणाऱ्या ऊर्जेपैकी ९० टक्क्यांपर्यंत पुरवतं. म्हणून या प्रवाळांना उथळ आणि उजेडाचं पाणी लागतं. पाणी नेहमीच्या उन्हाळ्यातल्या कमाल तापमानापेक्षा एखाद्या अंशाने जास्त तापलं आणि काही आठवडे तसंच राहिलं, की ही भागीदारी मोडते. प्रवाळ शैवालाला बाहेर टाकतो आणि पारदर्शक कातडीतून पांढरा सांगाडा दिसू लागतो. याला ब्लीचिंग म्हणतात. पांढरा पडला म्हणजे लगेच मेला असं नाही. पाणी वेळेत निवलं तर शैवाल परत वस्तीला येतं, नाहीतर उपासमार.

लक्षद्वीपने हे १९९८, २०१० आणि २०१६ साली सोसलं. तिथे तर पायाखालची जमीनच प्रवाळांनी दिलेली आहे. बुडालेल्या डोंगरांच्या माथ्यावर चढत गेलेली ही बांधणी, आणि तिथल्या पांढऱ्या वाळूतली बरीचशी पोपटमाशांनी प्रवाळ कुरतडून, दळून मागे टाकलेली. बाहेरची भिंत लाटा अडवते म्हणून आत शांत खाजण आणि समुद्रसपाटीपासून मीटर-दोन मीटर उंचीवर माणसांची घरं. भिंतीची वाढ थांबली तर झीज मात्र थांबत नाही.

आता तुमचा पांढरा तुकडा. भिंती बांधणारे प्रवाळ १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहेत, म्हणजे वाघाच्या पंक्तीला. गोळा करणं, विकणं दोन्ही गुन्हा. तेव्हा घरी आणू नका. पण हातात आलाच तर भिंगातून जरूर पाहा. प्रत्येक खळग्यात मध्याकडे धावणारे नाजूक पडदे दिसतील. धीराने मोजलेत तर बहुधा सहाच्या पटीत भरतील. मग होता तिथेच ठेवून द्या.