ओठ न हलवणारे खेळाडू

प्रश्न : सामन्यापूर्वी राष्ट्रगीत चालू असताना काही खेळाडू तोंड मिटून उभे असतात. त्यांना देशाचा अभिमान नाही असे समजावे का? आणि मैदानावर राष्ट्रगीत आले तरी कसे?

उत्तर : दुसरा प्रश्न आधी घेतो. १९०५ च्या डिसेंबरमध्ये कार्डिफ येथे न्यूझीलंडच्या रग्बी संघाने ‘हाका’ हे आव्हाननृत्य सादर केल्यावर वेल्सच्या खेळाडूंनी आपले गीत सुरू केले, ते प्रेक्षकांनी उचलून धरले, आणि सामन्यापूर्वी राष्ट्रगीत गाण्याचा हा पहिला प्रसंग मानला जातो. अमेरिकेत १९१८ साली, महायुद्ध चालू असताना, बेसबॉलच्या अंतिम मालिकेत बँडने वाजवलेल्या ज्या गीताला प्रेक्षकांनी साथ दिली, त्याला राष्ट्रगीताचा कायदेशीर दर्जा १९३१ मध्ये मिळाला. दोन्हीकडे गर्दीने ते आपणहून आपलेसे केले, सक्तीने नव्हे.

आता ओठांविषयी. स्पेनच्या राष्ट्रगीताला अधिकृत शब्दच नाहीत. २०१० चा फुटबॉल विश्वचषक त्यांनी नुसत्या धूनवर उभे राहूनच जिंकला, आणि त्यांच्या अभिमानावर शंका घेण्याचे कारण नाही. आयर्लंडच्या रग्बी संघात स्वतंत्र आयर्लंड प्रजासत्ताक आणि ब्रिटनमध्ये मोडणारे उत्तर आयर्लंड असे दोन्हीकडचे खेळाडू असल्याने १९९५ पासून त्यांच्यासाठी वेगळे गीत गायले जाते, कारण एकाचे गीत दुसऱ्याला परके वाटू नये एवढी काळजी घ्यावीच लागते. शिवाय मोठ्या मैदानात सुरात गाणे तसे अवघडच असते : आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो, म्हणून १७० मीटर दूरच्या कर्ण्याचा सूर अर्धा सेकंद उशिरा ऐकू येतो आणि समोरच्या सज्जातले लोक एक शब्द मागे राहतात. त्यातच पुढच्या क्षणी खेळायचे असलेल्या माणसाचे मन कुठे असेल, याचा अंदाज आपण घरबसल्या न केलेला बरा.

निषेध म्हणून कोणी गात नसेल किंवा २०१६ मध्ये अमेरिकन फुटबॉलचा खेळाडू कॉलिन कॅपर्निकने केले तसा गुडघा टेकत असेल, तर बहुधा तो आपले कारण स्वतःच सांगतो. त्यावर वाद जरूर घालावा, पण नुसत्या मिटल्या तोंडावरून खटला उभा करू नये. मला विचाराल तर न गाणाऱ्या खेळाडूपेक्षा प्रतिस्पर्ध्यांचे राष्ट्रगीत चालू असताना शिट्ट्या मारणारा प्रेक्षक कितीतरी अधिक खटकतो.