मुलाचं नाव 'स्टॅनली' ठेवावं का? इंग्लंडला निघालेल्या मीनलसाठी

मीनल, तुम्ही विचारलंत ते थोडक्यात असं: पुढच्या महिन्यात पुण्याहून लिव्हरपूलला यायचं आहे, बाळंतपण इथेच होणार, आणि मुलगा झाला तर 'स्टॅनली' नाव ठेवावं असं तुमच्या यजमानांच्या मनात आहे. इथल्या लोकांच्या तोंडी सहज बसेल, ऐकायला भारदस्त वाटेल आणि शाळेत पोराला कुणी वेगळं काढणार नाही, असा त्यांचा विचार. तुम्हाला नावाचा अर्थ आणि इतिहास हवाय, आणि सासूबाई विचारतायत, 'हे नाव आहे की आडनाव?'

सासूबाईंनी नेमकं बोट ठेवलंय. ते आडनावच आहे, आणि आडनावाच्याही आधी ते गावाचं नाव होतं. मी लिव्हरपूलला लागून असलेल्या नोझली भागात राहते आणि एका जीपी सर्जरीच्या, म्हणजे फॅमिली डॉक्टरांच्या दवाखान्याच्या, रिसेप्शनवर काम करते. दिवसभर नावंच हाकारते, त्यामुळे हा विषय माझ्या जवळचा आहे. सविस्तर लिहिते.

जुन्या इंग्रजीत 'स्टान' म्हणजे दगड आणि 'लेआह' म्हणजे रान तोडून मोकळी केलेली जागा. दगडाळ माळ म्हणा. आपल्याकडे खडकी नावाची गावं जशी जागोजाग सापडतात तशी इथे स्टॅनली नावाची गावं आहेत: डर्बीशायरमध्ये, डरहॅममध्ये, यॉर्कशायरमध्ये. त्या गावचा माणूस तो स्टॅनली. ॲशली, ब्रॅडली, डडली ही सगळी त्याच साच्यातली नावं, आधी जागा, मग आडनाव, मग पोराचं नाव.

पण स्टॅनली मोठं झालं ते एका घराण्यामुळे, आणि ते घराणं तुमच्या नव्या घरापासून फार लांब नाही. मूळचे स्टॅफर्डशायरचे हे लोक. त्यांच्यातल्या सर जॉन स्टॅनलीने १३८५ मध्ये इसाबेल लेथमशी लग्न केलं आणि लेथम व नोझलीची जमीन तिच्याकडून घराण्यात आली. नोझली हॉल आजही त्यांच्याकडेच आहे. घराण्याची खरी कसोटी लागली २२ ऑगस्ट १४८५ ला, बॉसवर्थच्या लढाईत. एका बाजूला राजा तिसरा रिचर्ड, दुसऱ्या बाजूला गादीवर हक्क सांगणारा हेन्री ट्यूडर. थॉमस स्टॅनली हा हेन्रीचा सावत्र बाप, पण त्याचा मुलगा रिचर्डने ओलीस धरलेला. स्टॅनलींची फौज बाजूला उभी राहून बघत राहिली. रिचर्ड थेट हेन्रीच्या अंगावर चालून गेला तेव्हा थॉमसचा भाऊ सर विल्यम आपली माणसं घेऊन मध्ये पडला, आणि रिचर्ड तिथेच मारला गेला. हेन्री राजा झाला आणि थॉमसला अर्ल ऑफ डर्बी ही सरदारकीची पदवी मिळाली. विल्यमच्या वाट्याला दहाच वर्षांनी वध आला, त्याच नव्या राजाच्या हुकमाने, राजद्रोहाच्या आरोपावरून. या नावामागे शौर्य आहे तसा सावध हिशेबही आहे, हे तुमच्या यजमानांना ठाऊक असावं.

पुढे बाराव्या अर्लच्या पदवीवरून १७८० साली एप्सममध्ये घोड्यांची डर्बी शर्यत सुरू झाली. महालक्ष्मीच्या रेसकोर्सवर इंडियन डर्बी होते ती त्याच नावाची नात. आणि १८५८ मध्ये कंपनीचं राज्य संपून राणीचं आलं, तेव्हा लंडनमध्ये भारताचा कारभार पाहणारा पहिला मंत्री होता लॉर्ड स्टॅनली, चौदाव्या अर्लचा मुलगा. बाप तेव्हा पंतप्रधान होता.

आता आडनावाचं नाव कसं झालं? मला यातला सर्वांत मोलाचा भाग हाच वाटतो, म्हणून जरा थांबते. सोळाव्या शतकापर्यंत इंग्लंडमध्ये मुलांची नावं बहुतेक जॉन, विल्यम, थॉमस अशा मोजक्या यादीतली. मग सरदार आणि जमीनदार घरांत एक नवी रीत आली: आईच्या माहेरचं आडनाव मुलाला पहिलं नाव म्हणून द्यायचं. लेडी जेन ग्रे ही १५५३ मध्ये नऊ दिवसांची राणी झाली, तिच्या नवऱ्याचं नाव गिल्डफर्ड डडली. त्याची आई माहेरची गिल्डफर्ड. १६०५ मध्ये इतिहासकार विल्यम कॅमडेनने आडनावं अशी नावं म्हणून ठेवण्याच्या रीतीची नोंद केली, तीही खास इंग्लंडची म्हणून. सिडनी, पर्सी, हॉवर्ड, नेव्हिल, क्लिफर्ड ही घराण्यांची नावं होती आणि हळूहळू पोरांची झाली. लग्नानंतर बाईचं माहेरचं आडनाव पुसलं जायचं, पण मुलाच्या नावात ते हाक मारण्याइतकं जिवंत राहायचं. मला ही रीत मनापासून आवडते. या उत्तरात तुम्हाला सुचवायचं आहे ते याच रीतीतून येतं, पण ते पुढे.

ज्यांचा अर्लच्या घराण्याशी संबंध नव्हता तेही मग स्टॅनली ठेवू लागले. अर्थतज्ज्ञ विल्यम स्टॅनली जेव्हन्स लिव्हरपूलमध्येच १८३५ साली जन्मला. तीनदा पंतप्रधान झालेला स्टॅनली बाल्डविन १८६७ चा. लॉरेल-हार्डी जोडीतला स्टॅन लॉरेल म्हणजे आर्थर स्टॅनली जेफरसन, तेव्हाच्या लँकेशायरमधल्या उल्व्हरस्टनमध्ये १८९० मध्ये जन्मलेला. फुटबॉलपटू स्टॅनली मॅथ्यूज १९१५ चा, एका न्हाव्याचा मुलगा. अर्लच्या वाड्यापासून न्हाव्याच्या दुकानापर्यंत नाव असं खाली झिरपलं.

मधल्या काळात त्याला जगभर पोचवलं आफ्रिकेत फिरलेल्या पत्रकार-शोधप्रवासी हेन्री मॉर्टन स्टॅनलीने, आणि त्याच्याविषयी तुम्हाला स्पष्ट सांगायला हवं. तो जन्माने स्टॅनली नव्हताच. वेल्समधल्या डेन्बीत १८४१ मध्ये जॉन रोलंड्स म्हणून जन्मला, सेंट असफच्या अनाथ-गरिबांच्या वर्कहाउसमध्ये वाढला, अमेरिकेत न्यू ऑर्लीन्सला गेला आणि तिथल्या एका व्यापाऱ्याचं आडनाव त्याने घेतलं. परदेशात पाय रोवण्यासाठी नाव बदललेला स्थलांतरित. आफ्रिकेत बेपत्ता झालेल्या डेव्हिड लिव्हिंग्स्टन या मिशनरी शोधप्रवाशाला शोधायला तो १८७० च्या ऑक्टोबरात मुंबईहूनच झांझिबारकडे निघाला आणि १८७१ मध्ये उजिजीला त्याला भेटला. पुढे बेल्जियमच्या राजा लिओपोल्डसाठी त्याने काँगोत जे केलं त्यातून तिथल्या माणसांवर अपार अत्याचारांची वाट मोकळी झाली. डेन्बीतला त्याचा पुतळा ठेवायचा की हलवायचा यावर २०२१ मध्ये गावात मतदान झालं. लोकांनी ठेवला, पण प्रश्न विचारला गेला हे महत्त्वाचं.

याच कथेत नाशिकही आहे. गुलामांच्या जहाजांवरून सोडवलेली आफ्रिकी मुलं नाशिकजवळच्या शरणपूरच्या मिशनमध्ये ठेवली जात, तिथे शिकत. जेकब वेनराइट हा त्यांतला एक. वेनराइट म्हणजे गाड्या बनवणारा सुतार, हेही इंग्रजी आडनावच, आणि ते त्याच्या आईबापांनी दिलेलं नव्हतं. स्टॅनलीने लिव्हिंग्स्टनकडे पाठवलेल्या माणसांत तो होता. १८७३ मध्ये लिव्हिंग्स्टन वारला तेव्हा त्याने झाडाच्या खोडावर मृत्यूची नोंद कोरली, आणि शवाबरोबर तो लंडनपर्यंत आला. १८७४ च्या एप्रिलमध्ये वेस्टमिन्स्टर ॲबीतल्या अंत्यविधीत शवपेटीपाशी तोही होता. नाव स्वतः निवडणं आणि नाव माथी येणं यातला फरक या दोन माणसांत जितका दिसतो तितका मला कुठे दिसलेला नाही.

तुमच्या यजमानांच्या मुख्य मुद्द्यावर, म्हणजे 'मिसळून जाणं', अमेरिकेतल्या ज्यू कुटुंबांचा अनुभव बोलका आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पूर्व युरोपातून न्यूयॉर्कला आलेल्या घरांनी मुलांना खानदानी इंग्रजी वाटणारी नावं दिली: सिडनी, मॉरिस, मिल्टन, अर्व्हिंग आणि अर्थात स्टॅनली. स्पायडरमॅनचा सहनिर्माता स्टॅन ली म्हणजे स्टॅनली लीबर, रुमानियातून आलेल्या आईबापांचा मुलगा, जन्म १९२२. दिग्दर्शक स्टॅनली कुब्रिक १९२८ चा, ब्रॉन्क्समधला. हेतू मिसळून जाण्याचा होता, पण इतक्या घरांनी तीच नावं उचलली की पुढे अमेरिकनांच्या कानाला ती ज्यू नावंच वाटू लागली. वेगळेपण झाकायला घेतलेल्या नावानेच त्या पिढीची ओळख करून दिली. पोलिश लोकांनी स्टानिस्वाफचं स्टॅनली केलं ते त्याच काळात.

आपल्याकडेही हे नाव परकं नाही. वसईत, गोव्यात, मंगळूरकडे ख्रिस्ती घरांत स्टॅनली पिढ्यान्‌पिढ्या आहेत आणि तिथे ते पूर्णपणे आपलं नाव आहे. म्हणून सुट्टीत भारतात गेल्यावर 'स्टॅनली कुलकर्णी' ऐकून लोक तुम्हाला घरच्या धर्माबद्दल विचारतील, याची तयारी ठेवा. त्यात वाईट काहीच नाही, पण मुलाला आयुष्यभर ते उत्तर द्यावं लागेल.

आजच्या इंग्लंडात ऐकाल तर स्टॅनली दोन टोकांना भेटतो. आमच्या काउंटरवर नव्वदीकडे झुकलेले स्टॅन आजोबा येतात आणि लस घ्यायला आलेले इवले स्टॅनलीही. मधल्या वयाचा क्वचितच. पणजोबांची नावं परत आणायची लाट आली, त्यात आर्थर, आल्फी, स्टॅनली वर आले. एक बारीकशी गोष्ट: इथे पुठ्ठा कापायच्या चाकूला सर्रास 'स्टॅनली नाइफ' म्हणतात. शाळेत त्यावरून चिडवाचिडवी होऊ शकते.

माझं मत विचारलंत, तर सोपेपणासाठी म्हणून हे नाव ठेवू नका. ती गरज आता उरलेली नाही. आमच्या यादीत पोलिश, नायजेरियन, अरबी, मल्याळी नावं रोज असतात आणि ती उच्चारायला शिकणं हे आमचं काम आहे. वेद, नील, रोहन, अर्णव यांना इथे कुणी अडखळत नाही. हां, दगडाळ माळाचं हे जुनं नाव दोघांनाही खरंच आवडलं असेल, नोझलीच्या परिसरात जन्मलेल्या मुलाला इथल्या मातीचं नाव द्यावं असं वाटत असेल, तर खुशाल ठेवा. ते कारण पुरेसं आहे. आणि इंग्रजी रीतच हवी असेल तर तिचा गाभा घ्या: मराठी नाव पहिलं ठेवा आणि तुमचं माहेरचं आडनाव मुलाचं मधलं नाव करा. इथल्या कायद्यात त्याला काहीही आडकाठी नाही.

आता कागदपत्रांचं, कारण तिथेच आपली माणसं गोंधळतात. रुग्णालयात बाळाच्या पायातल्या पट्टीवर 'बेबी' आणि आईचं आडनाव लिहितात. तुम्ही लग्नानंतर आडनाव बदललं नसेल तर तिथे तुमचंच आडनाव दिसेल. चूक झाली म्हणून घाबरू नका. जन्माची नोंदणी ४२ दिवसांच्या आत रजिस्ट्रारकडे करायची, म्हणजे बाराव्या दिवशी बारसं करून निवांत जाता येईल. लग्न झालेलं असल्याने दोघांपैकी एकाने गेलं तरी चालतं. पहिलं नाव नंतर बदलावंसं वाटलं तर नोंदणीपासून १२ महिन्यांत ते नोंदीत घालून घेता येतं. त्यानंतर डीड पोल, म्हणजे नाव बदलल्याचा कायदेशीर दस्त.

वडिलांचं नाव मध्ये घालायची आपली पद्धत इथे कुणाला माहीत नसते. 'वेद प्रसाद' असं लिहिलंत तर प्रसाद हे मुलाचंच दुसरं नाव धरतील. तुमच्या स्वतःच्या पासपोर्टवर 'गिव्हन नेम'मध्ये यजमानांचं नाव असेल तर सर्जरीतही ते तुमचंच नाव म्हणून हाकारलं जाईल. नोंदणी करतानाच 'मला मीनल म्हणा' असं सांगून ठेवा, संगणकावर त्यासाठी वेगळी जागा असते.

तुमच्यापैकी कुणीही इथे कायम वास्तव्याचं नसल्याने बाळ जन्माने ब्रिटिश नागरिक होणार नाही. १९८३ पासून तसा नियम आहे. भारतीय नागरिकत्वासाठी जन्मापासून एका वर्षाच्या आत भारतीय दूतावासाकडे नोंदणी करायची, आणि तिथे इथल्या जन्मदाखल्यावरचंच नाव लागतं. म्हणून रजिस्ट्रार सही घेण्याआधी नोंद वाचायला देतात, तेव्हा घाई करू नका. नाव, आडनाव, तुमचं माहेरचं आडनाव, जन्मगाव, सगळं पासपोर्टशेजारी धरून अक्षर न् अक्षर ताडून पाहा. सही झाल्यावर एका अक्षराच्या दुरुस्तीसाठीही अर्ज, शुल्क आणि पुरावे लागतात, आणि बाळाचा पासपोर्ट तोवर अडून राहतो.