ऑनलाइन खेळातला आवाज बिघडतो तेव्हा : वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

या वेळची बहुतेक पत्रे ऑनलाइन खेळ खेळताना आवाजाच्या ज्या अडचणी येतात, त्यांविषयीची आहेत. उत्तरांकडे वळण्याआधी एक गोष्ट सांगणे आवश्यक वाटते, कारण पुढचे सगळे विवेचन तिच्यावर अवलंबून आहे. खेळताना कानावर पडणारा आवाज एकाच ठिकाणाहून येत नाही. पावलांचा, गोळीबाराचा, दार उघडल्याचा आवाज तुमच्याच यंत्रात तयार होतो. तो खेळ उतरवून घेतानाच यंत्रात साठवला जातो आणि कोण कुठे आहे, कोणी काय केले एवढीच माहिती नेटवरून येते. सोबत खेळणाऱ्यांचे बोलणे मात्र त्यांच्या माईकपासून तुमच्या यंत्रापर्यंत नेटवरूनच प्रवास करते. त्यामुळे कोणत्याही सेटिंगला हात लावण्याआधी खेळाचा आवाज बिघडला आहे, सोबत्यांचा बिघडला आहे, की आपला आवाज त्यांच्यापर्यंत नीट पोहोचत नाही, हे ठरवावे. तेवढे केले तरी निम्मे काम होते.

प्रश्न : मी अकरावीत शिकतो. माझा ब्लूटूथ हेडफोन लॅपटॉपला जोडला की गाणी उत्तम ऐकू येतात. पण खेळात मित्रांशी बोलण्यासाठी माईक सुरू केला की लगेच सगळाच आवाज जुन्या टेलिफोनवरून आल्यासारखा होतो. हेडफोन खराब निघाला का? – एक विद्यार्थी, डिचोली

उत्तर : तुझा हेडफोन ठणठणीत आहे, ही ब्लूटूथच्या जुन्या पद्धतीची मर्यादा आहे. या पद्धतीत आवाज पाठवण्याचे दोन निरनिराळे प्रकार आहेत. पहिला गाण्यांसाठीचा : त्यात दोन्ही कानांना वेगवेगळा आणि चांगल्या दर्जाचा आवाज मिळतो, पण तो एकाच दिशेने, म्हणजे लॅपटॉपकडून हेडफोनकडे जातो. दुसरा फोनवरच्या संभाषणासाठीचा : त्यात आवाज दोन्ही दिशांनी जातो, पण त्यासाठी दर्जा कमी करावा लागतो आणि दोन्ही कानांना एकच आवाज मिळतो. या दुसऱ्या प्रकारात आवाजाचे नमुने सहसा सेकंदाला ८,००० किंवा १६,००० वेळा घेतले जातात, तर संगणकावर ते ४४,१०० किंवा ४८,००० वेळा घेण्याची रीत आहे. नमुन्यांच्या संख्येच्या निम्म्याहून वरची कंपने टिकत नाहीत, म्हणून काच फुटल्याचा किंवा बंदूक भरल्याचा बारीक, तीक्ष्ण भाग बराचसा कापला जातो. हेडफोनचा माईक कोणत्याही प्रोग्रॅमने मागितला की विंडोज आपणहून पहिल्या प्रकारावरून दुसऱ्यावर जाते, आणि तू वर्णन केलेला बदल त्याच क्षणी होतो.

यावर सर्वांत सोपा आणि बिनखर्चाचा उपाय म्हणजे ऐकण्यासाठी ब्लूटूथ हेडफोन ठेवायचा आणि बोलण्यासाठी लॅपटॉपचा स्वतःचा माईक निवडायचा. ही निवड विंडोजच्या साउंड सेटिंगमधील ‘इनपुट’ या भागात कर आणि खेळाच्या व्हॉइस चॅटमध्येही कर, कारण पुष्कळ खेळ विंडोजची निवड बाजूला ठेवून स्वतःची निवड वापरतात. २०२० मध्ये जाहीर झालेल्या ‘एलई ऑडिओ’ या नव्या पद्धतीत ही अडचण बरीच दूर होते. मात्र त्यासाठी हेडफोन आणि लॅपटॉप दोघांनीही ती पद्धत स्वीकारलेली असावी लागते आणि खोक्यावर ‘ब्लूटूथ ५.२’ छापलेले असले म्हणजे ती आतमध्ये असतेच असे नाही. माझे स्पष्ट मत विचारशील, तर नेमबाजीच्या खेळासाठी तारेचाच हेडफोन वापरावा. साध्या ब्लूटूथमध्ये आवाज कानापर्यंत पोहोचायला सेकंदाचा दहावा ते पाचवा हिस्सा, कधी त्याहूनही अधिक वेळ जातो, आणि तेवढ्यात समोरचा खेळाडू कोपरा वळून आलेला असतो.

जाता जाता आणखी एक सेटिंग पाहून ठेव. विंडोजला संभाषण चालू असल्याचे जाणवले की इतर आवाज ऐंशी टक्क्यांनी खाली आणण्याची सोय त्यात मुळातच चालू असते. साउंडच्या जुन्या खिडकीतील ‘कम्युनिकेशन्स’ या पानावर ‘डू नथिंग’ निवडले की ती बंद होते.

प्रश्न : आमचे घर चिऱ्याच्या भिंतींचे, जुने आहे. राउटर बाल्कांवालगतच्या (पुढच्या ओसरीलगतच्या) खोलीत आहे आणि मी मागच्या खोलीत खेळतो. खेळाचा आवाज स्वच्छ असतो, पण रात्री सोबत्यांचे बोलणे तुटते, मधूनच यंत्रमानवासारखे ऐकू येते. नवा हेडफोन घ्यावा का? – एक वाचक, म्हापसा

उत्तर : हेडफोनवर पैसे खर्च करू नका. खेळाचा आवाज स्वच्छ आहे, याचाच अर्थ हेडफोन, साउंड कार्ड आणि ड्रायव्हर (उपकरण चालवणारा प्रोग्रॅम) आपापले काम करीत आहेत. दोष नेटच्या वाटेवर कुठेतरी आहे. डिस्कॉर्डसारख्या सेवा बोलणे पाठवण्यासाठी ‘ओपस’ नावाची पद्धत वापरतात. तिच्यात आवाजाचे सामान्यतः २० मिलिसेकंदांचे तुकडे केले जातात, म्हणजे एका सेकंदाच्या बोलण्याचे पन्नास तुकडे होतात. एखादा तुकडा वाटेत हरवला तर तो पुन्हा मागवला जात नाही, कारण तो येईपर्यंत बोलणे पुढे गेलेले असते. त्याऐवजी मागच्या तुकड्यावरून अंदाज बांधून ती जागा भरली जाते. एखाददुसऱ्या तुकड्याचा हा अंदाज कानाला कळतही नाही, पण सलग अनेक तुकडे हरवले की तुम्ही म्हणता तसा धातूसारखा आवाज येतो. एकाच सोबत्याचा आवाज तुटत असेल तर दोष त्याच्या बाजूला आहे आणि सगळ्यांचाच तुटत असेल तर तुमच्या, हेही आज रात्रीच तपासून घ्या.

आता घरातला दोष आणि घराबाहेरचा दोष वेगळा करायला हवा. कमांड प्रॉम्प्ट उघडून राउटरच्या पत्त्याला सतत पिंग करीत राहा, म्हणजे छोटा संदेश पाठवून उत्तर यायला किती वेळ लागतो ते पाहत राहा. हा पत्ता बहुधा १९२.१६८.१.१ किंवा १९२.१६८.०.१ असतो. त्याच वेळी दुसऱ्या खिडकीत बाहेरच्या एखाद्या पत्त्याला पिंग करा आणि बोलणे तुटू लागले की दोन्हींकडे पाहा. घरातल्याच राउटरकडून उत्तर यायला कधी दोन, तर कधी दोनशे मिलिसेकंद लागत असतील, किंवा मध्येच उत्तर येतच नसेल, तर वायफाय दोषी आहे. राउटरचे आकडे स्थिर आणि बाहेरचे उड्या मारणारे असतील, तर राउटरच्या पुढच्या लाइनमध्ये किंवा तिच्यावरच्या भारात दोष आहे, आणि हे आकडे नेट पुरवणाऱ्याला दाखवले म्हणजे तक्रारीला वजन येते. एवढे मात्र लक्षात ठेवा की घरातल्या एखाद्या फोनवरून त्याच वेळी फोटोंचा बॅकअप चढत असेल किंवा कॅमेऱ्याचे चित्रण बाहेर जात असेल, तरीही बाहेरचे आकडे असेच उडतात.

तुमच्या वर्णनावरून मला वायफायचाच संशय अधिक येतो. चिऱ्याच्या जाड भिंतीतून वायफायची लहर बरीच क्षीण होऊन बाहेर पडते, आणि पावसाळ्यात ओल धरलेल्या भिंतीतून तर आणखीच, कारण पाणी ही लहर शोषते. २.४ गिगाहर्ट्झची लहर भिंतीतून तुलनेने बरी जाते, पण त्याच पट्ट्यात शेजाऱ्यांचे राउटर आणि ब्लूटूथची उपकरणेही असतात, आणि रात्री सगळे घरी आल्यावर तिथे दाटी होते. ५ गिगाहर्ट्झचा पट्टा मोकळा असतो, पण दोन भिंतींपलीकडे त्याचा जोर उरत नाही. अशा घरात वायफायचा जोर वाढवणारी छोटी यंत्रे लावण्यापेक्षा छपराच्या वाशांना धरून एक लॅन केबल मागच्या खोलीपर्यंत ओढून घ्यावी. एकदाचे काम आहे आणि खर्च नव्या हेडफोनपेक्षा सहसा कमीच येतो.

प्रश्न : नवा मॉनिटर जोडल्यापासून संगणकावर आवाजच नाही. – एक वाचक, वास्को

उत्तर : एचडीएमआयच्या तारेतून चित्राबरोबर आवाजही जातो, म्हणून मॉनिटर जोडताच विंडोजने आवाज त्याच्याकडे वळवला असावा; मॉनिटरला स्पीकर नसतील तर काहीच ऐकू येणार नाही. खालच्या पट्टीवरील स्पीकरच्या चिन्हावर क्लिक करून आपला हेडफोन निवडा आणि त्यानंतर खेळ बंद करून पुन्हा सुरू करा, कारण काही खेळ सुरू होतानाच आवाजाचे उपकरण ठरवतात.

प्रश्न : चार्जर लावून खेळलो की हेडफोनमध्ये सतत घूंऽ असा आवाज येतो आणि लॅपटॉपच्या धातूच्या भागावर मनगट टेकले की बारीक मुंग्या येतात. दुकानदार म्हणतो, असे चालायचेच. – एक वाचक, साखळी

उत्तर : असे चालू देऊ नका. आधी चार्जर काढून केवळ बॅटरीवर खेळून पाहा. घूं थांबली तर तिचे मूळ हेडफोनमध्ये किंवा खेळात नसून विजेच्या वाटेवर आहे. आपल्याकडची वीज २३० व्होल्ट आणि ५० हर्ट्झची असते आणि अशा घुमण्यात हेच ५० किंवा त्याच्या दुपटीचे १०० हर्ट्झचे कंपन ऐकू येते. चार्जरमधून किंचित विद्युतगळती होतच असते आणि ती अर्थिंगवाटे जमिनीत जावी अशी रचना असते. चार्जर दोन पिनांचा असला, तीन पिनांच्या चार्जरला दोन पिनांचा जोड लावला, किंवा भिंतीतल्या सॉकेटमागे अर्थिंगची तारच जोडलेली नसली, की ती गळती लॅपटॉपच्या धातूवर येते. तिथून ती तुमच्या मनगटाला जाणवते आणि हेडफोनच्या मंडलातही शिरते.

म्हणून पहिले काम इलेक्ट्रिशियनचे आहे. त्याच्याकडून सॉकेटचे आणि घराच्या अर्थिंगचे मोजमाप करून घ्या. जांभ्याच्या जमिनीत एप्रिल-मेमध्ये अर्थिंगचा खड्डा पार सुकतो, आणि जमीन जितकी कोरडी तितका तिचा विद्युतरोध जास्त. उन्हाळ्यात वाढणारी आणि पावसाळ्यात कमी होणारी घूं ऐकू येत असेल, तर खड्ड्याकडे आधी पाहावे आणि त्यात नियमाने पाणी घालावे. काही जण घूं घालवण्यासाठी प्लगची मोठी पिन कापण्याचा सल्ला देतात. त्याने आवाज गेला तरी संरक्षणही जाते, तेव्हा तो सल्ला कोणीही मानू नये. दोन पिनांच्या चार्जरला मुळात अर्थिंगची वाटच नसते. त्यातून येणाऱ्या बारीक मुंग्या सहसा घातक नसतात, पण झटका जाणवण्याइतका जोर असेल तर चार्जर लगेच बदला. वीज गेल्यावर इन्व्हर्टर चालू असतानाच घूं येत असेल, तर तो साध्या चौकोनी लहरीचा इन्व्हर्टर असण्याची शक्यता आहे. अर्थिंग ठीक करूनही थोडी घूं उरली, तर यूएसबीला लावायचे छोटे साउंड कार्ड घ्या; त्याने हेडफोनचे नाजूक मंडल लॅपटॉपच्या आतल्या गोंगाटापासून दूर येते.

याच पत्रात तुम्ही अधूनमधून येणाऱ्या तडतडीचाही उल्लेख केला आहे. ती वेगळी बाब आहे. खेळात गर्दी वाढली की तडतड होत असेल, तर एखादा ड्रायव्हर, पुष्कळदा वायफायचा किंवा ग्राफिक्सचा, प्रोसेसर अडवून धरतो आणि आवाजाचा पुढचा भाग वेळेवर तयार होत नाही. ‘लेटन्सीमॉन’ हा प्रोग्रॅम चालू ठेवून खेळा. कोणता ड्रायव्हर वेळ खातो ते तो नावानिशी दाखवतो. तो ड्रायव्हर लॅपटॉप बनवणाऱ्याच्या संकेतस्थळावरून नवा घ्या.

प्रश्न : खेळातल्या पावलांची दिशा मला कळत नाही. सेव्हन पॉइंट वन (चहूबाजूंनी आवाज आल्याचा भास देणारा) हेडफोन घेऊनही उपयोग झाला नाही. – एक वाचक, मडगाव

उत्तर : उपयोग न होण्याचे कारण बहुधा तो हेडफोनच आहे. उजवीकडचा आवाज डाव्या कानाला जास्तीत जास्त ०.६ ते ०.७ मिलिसेकंद उशिरा आणि किंचित मंद पोहोचतो, आणि मेंदू त्यावरून डावे-उजवे ठरवतो. पुढचा-मागचा भेद मुख्यतः कानाच्या पाळीच्या आकारामुळे कळतो. व्हॅलोरंटसारख्या खेळात या सगळ्याचे गणित करून दोन कानांसाठी आवाज घडवण्याची ‘एचआरटीएफ’ नावाची सोय असते. खेळाने एकदा घडवलेल्या आवाजावर हेडफोनच्या सॉफ्टवेअरने आणि विंडोजच्या ‘स्पेशियल साउंड’ने पुन्हा तशीच प्रक्रिया केली, की दिशेच्या खुणा पुसल्या जातात. ही प्रक्रिया एकाच ठिकाणी ठेवा, शक्यतो खेळात, आणि बाकी सगळीकडे साधा स्टिरिओ निवडा. विंडोजच्या ॲक्सेसिबिलिटीमधील ‘मोनो ऑडिओ’ बंद असल्याची खात्री करा. ‘लाउडनेस इक्वलायझेशन’, म्हणजे लहान-मोठे आवाज एका पातळीवर आणण्याची सोय, काही खेळाडूंना प्रिय आहे, कारण त्याने दूरची पावले मोठी ऐकू येतात. पण जवळची आणि दूरची सारखीच वाजू लागली की अंतराचा अंदाज जातो, म्हणून मी ते बंद ठेवण्याच्या बाजूचा आहे.

प्रश्न : मोबाइलवर बीजीएमआय खेळताना तारेच्या इअरफोनमध्ये बोलणे खोल विहिरीतून आल्यासारखे येते, इअरफोनच्या तारेवरचे बटण दाबून धरले की आवाज सुधारतो. – एक वाचक, पेडणे

उत्तर : बटणाची ही खूण फार मोलाची आहे. इअरफोनच्या पिनवर चार कड्या असतात : डावा कान, उजवा कान, दोघांची सामाईक तार आणि माईक. सामाईक तारेचा संपर्क तुटला की दोन्ही कानांत सारखा असलेला आवाज, म्हणजे मुख्यतः बोलणे, एकमेकांना छेदून नाहीसा होतो आणि उरलेला पोकळ ऐकू येतो. बटण दाबले की माईकची वाट त्या सामाईक तारेला जोडली जाते आणि आवाज परत येतो. किनाऱ्याजवळच्या खाऱ्या, दमट हवेत पिनवर हिरवट-काळसर थर बसतो. पिन उजेडात धरून तळाकडच्या दोन कड्या पाहा, आयसोप्रोपिल अल्कोहोलने ओलसर केलेल्या कापडाने पुसा, पूर्ण वाळू द्या आणि फोन बंद करून ती भोकात काही वेळा फिरवा. भोकात सुई किंवा टाचणी मुळीच घालू नका. तरीही फरक पडला नाही, तर दुसरा इअरफोन लावून पाहा. तोही तसाच वाजला तर फोनचे भोक दुरुस्तीला न्यावे लागेल.

प्रश्न : मुलगा रोज हेडफोन लावून तासन्‌तास खेळतो आणि हाक मारली तरी ऐकत नाही. त्याच्या कानांना धोका आहे का? – एक आई, फोंडा

उत्तर : धोका आवाजाची पातळी आणि वेळ या दोन्हींवर ठरतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या मार्गदर्शनानुसार प्रौढांसाठी ८० डेसिबलचा आवाज आठवड्याला ४० तासांपर्यंत आणि मुलांसाठी ७५ डेसिबलचा आवाज तेवढाच वेळ चालू शकतो. पातळी वाढली की वेळ झपाट्याने कमी करावा लागतो. शांत खोलीत एक हात अंतरावरून नेहमीच्या स्वरात मारलेली हाक त्याला कळत नसेल, तर आवाज बहुधा जास्त आहे. मात्र पूर्ण कान झाकणारा हेडफोन बाहेरचा आवाजही अडवतो, हे लक्षात घ्या. पंख्याचा किंवा पावसाचा आवाज दाबण्यासाठी मुले पातळी वाढवतात, म्हणून कान नीट झाकणारा हेडफोन कमी आवाजात वापरणे अधिक सुरक्षित. खेळ थांबल्यावर कानात शिट्टी वाजत राहते का, बोलणे दबल्यासारखे ऐकू येते का, हे त्याला विचारा. तसे वारंवार होत असेल, तर कान-नाक-घसा तज्ज्ञांकडून त्याची श्रवणचाचणी करून घ्या.