बूझ, सलामात आणि बुर्यातांचं पांढरं अन्न

"बूझ म्हणजे मोमोच ना, आणि मांस न खाणाऱ्याला बुर्यात जेवणात काही मिळतं का?" असे दोन प्रश्न तुम्ही विचारलेत.

बूझ मोमोच्या भाऊबंदांतलाच, पण स्वभाव वेगळा. बुर्यात म्हणजे रशियातल्या सायबेरियातले मंगोल वंशाचे लोक. बैकाल सरोवराच्या भोवतीचा त्यांचा मुलूख, उलान-उदे ही बुर्यातियाची राजधानी. तिथे रशियन बोलताना बूझला 'पोझी' म्हणतात आणि ते जिथे मिळतात त्या खानावळीला 'पोझनाया'. सारणात गोमांस किंवा मेंढीचं मांस, भरपूर चरबी, कांदा, मीठ, फार तर मिरी. आलं-लसूण नाही, आणि घालायचा मोहही आवरा. मांस सुरीने बारीक चिरायचं आणि त्यात थोडं पाणी किंवा दूध मुरवायचं, कारण खरी मजा आतल्या रसात आहे. कळ्या मोदकासारख्या पाडायच्या, पण वर भोक ठेवायचं. साधारण 20 मिनिटं वाफ. खाताना काटा नको. हातात धरायचा, कडेला छोटा चावा घ्यायचा, रस ओढून घ्यायचा, मग बाकीचा.

मी पहिल्यांदा केले तेव्हा मोदकपात्राच्या चाळणीला काहीच लावलं नाही. उचलताना बुडं फाटली आणि सगळा रस खालच्या पाण्यात! तेव्हापासून प्रत्येक बूझचं बूड तेलात बुडवूनच ठेवतो. केळीचं पान घालून बघितलेलं नाही, कुणी केलं तर सांगा.

आता दुसरा प्रश्न. मिळतं, पण ते बहुतेक दुधातलं. बुर्यातांकडे दुधाच्या पदार्थांना 'पांढरं अन्न' म्हणतात आणि मान त्याला मोठा. चांद्र नववर्षाचा सण सगालगान, म्हणजेच पांढरा महिना. त्यात पाहुण्यापुढे आधी पांढरं येतं, नंतर मांस.

तुम्ही सलामात करा. मूळ पदार्थ आंबट सायीचा, रशियनमध्ये तिला स्मेताना म्हणतात. आपल्याकडे चार दिवसांची विरजलेली साय चालते, डब्यातलं गोड क्रीम नको. जाड बुडाच्या कढईत मंद आचेवर साय उकळू द्या, चिमूटभर मीठ टाका आणि कणीक भुरभुरत लाकडी डावाने ढवळत राहा. राय (गव्हासारखं एक धान्य) मिळाली तर तिचं पीठ घ्या. थोड्या वेळाने गोळा कढईची कड सोडतो आणि भोवती पिवळं तूप सुटतं. तूप सुटल्याशिवाय गॅस बंद करू नका, नाहीतर ती नुसती आंबट खळ होते. गरमच खायचं, आणि थोडंच, कारण भलतं जड असतं.

याशिवाय उरमे म्हणजे वाळवलेली जाड साय आणि दूध-मीठ घातलेला हिरवा चहा. साखरेच्या अपेक्षेने पहिला घोट घेऊ नका. आंबवलेलं दूध, कुरुंगा, गाळून तारासून नावाची दारू काढतात. मागे उरलेला आंबट चोथाही फेकत नाहीत. त्याला आर्सा म्हणतात, थंडीत गरम करून पितात.

मासे चालत असतील तर बैकालचा ओमुल आहेच, धुरावलेला किंवा खारवलेला. मात्र साठा घटल्यामुळे 2017 च्या ऑक्टोबरपासून त्याच्या व्यापारी मासेमारीवर बंदी आली. तेव्हा रस्त्याकडेला कुणी 'ओमुल' म्हणून पुढे केला तर घेण्याआधी दोन प्रश्न जास्त विचारा.