विंचू चावतो की नांगी मारतो?

प्रश्न असा आला आहे : विंचवाचे विष शेपटीच्या टोकाला असते, दातांत नव्हे, मग ‘विंचू चावला’ हा प्रयोग चुकीचा नाही का, आणि लेखनात त्याऐवजी ‘विंचवाने दंश केला’ असेच लिहावे का? त्याच्या जोडीला ‘विंचूला’ की ‘विंचवाला’ अशीही पृच्छा आहे.

प्रश्नामागचे निरीक्षण अगदी बरोबर आहे. विंचू भक्ष्याला पुढच्या चिमट्यांनी पकडतो आणि ते आटोपत नसेल, तर शेपूट पाठीवरून पुढे वळवून नांगी मारतो. नांगीच्या फुगीर भागात विषाच्या दोन ग्रंथी असतात आणि टोकाला बाकदार काटा असतो. तोंडाशी इवल्या चिमट्यांची आणखी एक जोडी असते खरी, पण ती पकडलेला किडा कुरतडण्यापुरती. तिच्यात विष नसते. येथे एक सावधगिरी सुचवावीशी वाटते. खेकड्याच्या बाबतीत ‘नांगी’ म्हणजे पुढचा चिमटा आणि विंचवाच्या बाबतीत ‘नांगी’ म्हणजे मागचा काटा, त्यामुळे दोन्ही अवयवांचे वर्णन एकाच परिच्छेदात करायचे असेल, तर विंचवाच्या पुढच्या अवयवांना ‘चिमटे’ म्हणणेच बरे.

मात्र ‘चावणे’ टाळून ‘दंश’ स्वीकारल्याने शंका मिटते, असे नाही. ‘दंश’ हा शब्द संस्कृतातील ‘दंश्’ या धातूपासून आला आहे आणि त्या धातूचा मूळ अर्थच ‘चावणे’ असा आहे. दाढेला ‘दंष्ट्रा’ म्हणतात ते त्याच धातूवरून, आणि आपले ‘डसणे’ही त्याच कुळातले. म्हणजे दातांच्या मुद्द्यावर ‘विंचू चावला’ बाद ठरवायचे असेल, तर ‘विंचूदंश’ही बाद करावा लागेल. संस्कृत शब्द आहे म्हणून तो अधिक शास्त्रशुद्ध असेल, हा समज मला मान्य नाही.

खरी गोष्ट अशी की मराठीत ‘चावणे’ हे क्रियापद दातांपाशी थांबलेलेच नाही. डास सोंडेने रक्त शोषतो, तरी तो चावतो, ढेकूण चावतो, इतकेच काय, नवी चप्पलसुद्धा चावते. ‘त्याला विंचू चावला’ या वाक्यात ज्याला वेदना झाली, त्याच्या बाजूने आपण बोलत असतो आणि कोणत्या अवयवाने इजा केली, हा प्रश्न तेथे उपस्थितच होत नाही. ‘नांगी मारली’ असे म्हटले की मात्र लक्ष त्या प्राण्याच्या कृतीकडे वळते. दोन्ही प्रयोग बरोबर आहेत. त्यांची कामे वेगळी आहेत. संत एकनाथांच्या भारुडातही विंचू चावतोच, तेव्हा हा प्रयोग अलीकडच्या निष्काळजीपणातून आलेला नाही, हे उघड आहे. सापाच्या बाबतीत तर भाषा याहून पुढे गेली आहे. ‘त्याला पान लागले’ असे म्हणताना सापाचे नाव नाही आणि चावण्याचाही उल्लेख नाही. भीतीपोटी दोन्ही झाकून केवळ झालेली बाधा सांगितली आहे.

उष्ण, कोरड्या मुलखातील इतर विषारी प्राण्यांकडे पाहिले, तर अवयवानुसार क्रियापद ठरवण्याचा आग्रह किती अडचणीचा आहे, हे कळते. फुरसे आणि घोणस पोकळ दातांतून विष सोडतात, म्हणून तेथे ‘चावणे’ अक्षरशः खरे. घोण, म्हणजे मोठी गोम, हिचे विष मात्र पायांच्या पहिल्या जोडीपासून बनलेल्या आकड्यांत असते. तो ना दात, ना शेपटीचा काटा, आणि या क्रियेसाठी ‘चावणे’ किंवा ‘डसणे’ यांहून नेमके क्रियापद आपल्यापाशी नाही. (‘घोण’ आणि ‘घोणस’ यांत एका अक्षराचा फरक असला, तरी प्राणी पूर्णपणे वेगळे आहेत, हे बातमी लिहिणाऱ्यांनी जरूर लक्षात ठेवावे.) अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडील वाळवंटात आढळणाऱ्या हीला मॉन्स्टर या सरड्याच्या विषग्रंथी खालच्या जबड्यात असतात आणि विष दातांवरच्या खाचांतून झिरपते, तो धरून ठेवतो आणि चघळल्यासारखा जबडा हलवत राहतो. ‘चावणे’ या क्रियापदाचे ‘दात रोवणे’ आणि ‘चर्वण करणे’ हे दोन्ही अर्थ त्याला एकाच वेळी लागू पडतात.

‘इंगळी’ या शब्दाबद्दलही थोडे सांगायला हवे, कारण ‘इंगळी डसली’ हा प्रयोग याच चर्चेत येतो. इंगळी म्हणजे मोठा विंचू, आणि नावातच दरारा आहे. प्रत्यक्षात मोठ्या, जाड चिमट्यांच्या काळ्या विंचवापेक्षा बारीक चिमट्यांचा लहानसा लाल विंचू कितीतरी अधिक घातक असतो. त्याच्या विषाने हृदयावर परिणाम होऊन, विशेषतः लहान मुलांचा, मृत्यू ओढवू शकतो. म्हणून लाल विंचवाविषयी लिहिताना केवळ भयंकर वाटतो म्हणून ‘इंगळी’ हा शब्द योजू नये.

माझे मत विचाराल, तर बोलण्यात आणि सर्वसाधारण लेखनात ‘विंचू चावला’ निःशंकपणे लिहावे. प्राण्याच्या हालचालीचे वर्णन असेल तेथे ‘नांगी मारली’, आणि वैद्यकीय मजकुरात ‘विंचूदंश’. ‘विंचू उतरला’ या प्रयोगाकडे पाहा : तेथे ‘विंचू’ म्हणजे प्राणीच नव्हे, तर अंगात चढलेली वेदना.

रूपाविषयी : ‘विंचू’चे सामान्यरूप ‘विंचवा-’ असे होते. त्यामुळे विंचवाला, विंचवाने, विंचवाचे. अनेकवचनी विंचवांना, विंचवांचे. ‘विंचूला’, ‘विंचूने’ ही रूपे आता छापील मजकुरातही दिसू लागली आहेत, पण ती प्रमाण लेखनात घेऊ नयेत. ‘विंचूदंश’ हा समास असल्याने तेथे मूळ रूप तसेच राहते.