कटिभागाच्या अस्थिभंगाचे कोडिंग शिकताना

बेळगाव, खानापूर किंवा निपाणीत बसून अमेरिकन रुग्णालयांच्या नोंदींचे कोडिंग, म्हणजे निदानांना आयसीडी-१०-सीएम या अमेरिकन वर्गीकरणातील कोड देण्याचे काम, करू पाहणाऱ्या नवोदितांना माझे आग्रहाचे सांगणे आहे की, कागदावर ‘पेल्विक फ्रॅक्चर’ (कटिभागाचा अस्थिभंग) एवढेच दिसले म्हणून लगेच एस३२.९ हा मोघम कोड लावू नका. डॉक्टरांच्या निदानासोबत सीटी स्कॅनचा अहवाल वाचा आणि नेमके कोणते हाड मोडले आहे ते पाहा, कारण त्रिकास्थीला (माकडहाडाच्या वरच्या हाडाला) एस३२.१, माकडहाडाला एस३२.२, तर प्युबिसला (कटिभागाच्या पुढच्या हाडाला) एस३२.५ लागतो.

खरी कसोटी लागते ती अनेक ठिकाणी अस्थिभंग असताना. पेल्विक रिंग, म्हणजे कटिभागाच्या हाडांचे कडे, विस्कळीत झाली असेल तर एस३२.८१, नसेल तर एस३२.८२. विस्कळीत रिंग स्थिर आहे की अस्थिर, हे ठरवणे डॉक्टरांचे काम असल्याने नोंद संदिग्ध असल्यास त्यांनाच लेखी विचारावे. ॲसिटॅब्युलम (खुब्याच्या सांध्याची खोबण) हेही मोडले असेल, तर त्याचा एस३२.४ स्वतंत्रपणे जोडावा.

कोडच्या शेवटी लागणाऱ्या सातव्या अक्षरातील ‘ए’ म्हणजे पहिली भेट नव्हे. बंद अस्थिभंगावर सक्रिय उपचार चालू असेपर्यंत तेच अक्षर राहते.

वृद्ध रुग्णाच्या बाबतीत विशेष काळजी घ्या. ऑस्टिओपोरोसिसचे (हाडे ठिसूळ होण्याच्या आजाराचे) निदान झालेली आजी, निरोगी हाड सहसा मोडणार नाही अशा किरकोळ पडण्याने जायबंदी झाली असेल, तर एस३२ ऐवजी एम८० (ऑस्टिओपोरोसिसमुळे झालेले अस्थिभंग) या गटात जावे लागते.

जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० आवृत्तीत मात्र इश्चियमसाठी (बसताना टेकणाऱ्या हाडासाठी) वेगळा एस३२.६ नाही, तेथे ते एस३२.८ मध्ये येते, म्हणून हाती कोणती आवृत्ती आहे हे आधी तपासावे.