तीन एकर कोरडवाहू आणि मुंबईचं तिकीट

दादा, तुमचा प्रश्न थोडक्यात असा : भाचा बारावी झालाय, गेवराई तालुक्यातलं गाव, घरी तीन एकर कोरडवाहू. गॅदरिंगमध्ये दोनदा पहिला आला. रात्रभर पंकज त्रिपाठींच्या मुलाखती बघतो आणि आता 'मी मुंबईला चाललो' म्हणतोय. मेहुणे त्यासाठी एक एकर विकायला निघालेत, आणि पाठवावं का नाही हे तुम्ही विचारताय.

पाठवा, पण आत्ता नको. आणि रान विकून तर अजिबात नको.

आधी पैशाचं बघू. तीन एकरांत सोयाबीन, पाऊस बरा झाला तर एकरी ६ क्विंटल धरा. १८ क्विंटल झालं. २०२४-२५ चा हमीभाव ४,८९२ रुपये होता. तो पुरता मिळाला असं समजलं तरी ८८ हजार, आणि आडतीवर तो पुरता मिळत नाही हे तुम्हाला मी सांगायला नको. बी, खत, फवारणी, काढणी, मळणी वजा केली की निम्मेसुद्धा हातात राहत नाहीत. आता मुंबई. चौघांच्या खोलीत एक कॉट, जेवण, लोकलचा पास, मोबाइल, अधूनमधून रिक्षा, ऑडिशनला घालायला चार बरे कपडे. कितीही ओढून-ताणून केलं तरी महिन्याला १५ ते १८ हजार, म्हणजे वर्षाला दोन लाखांच्या आसपास. कॉटचं डिपॉझिट वेगळं. एक एकर विकून आलेले पैसे तीन-चार वर्षांत संपतात, आणि या धंद्यात तीन-चार वर्षं म्हणजे नुसती ओळख व्हायचा काळ.

ज्यांची उदाहरणं भाचा देतोय त्यांच्या तारखा त्याच्यासमोर मांडा. पंकज त्रिपाठी बिहारच्या गोपालगंज जिल्ह्यातल्या बेलसंडचे, वडील शेतकरी आणि पुरोहित. गावच्या नाटकात ते बाईचं काम करायचे. पुढं हॉटेल मॅनेजमेंट शिकले, पाटण्याच्या हॉटेलात किचनमध्ये नोकरी केली. रात्री ड्युटी, दिवसा नाटक. मग दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय, म्हणजे एनएसडी. २००४ साली तिथून बाहेर पडले आणि मुंबईत आले. लोकांना चेहरा लक्षात राहिला तो २०१२ मध्ये, 'गँग्ज ऑफ वासेपुर'नंतर. मधली आठ वर्षं घर चाललं ते बायकोच्या शिक्षिकेच्या पगारावर. हे त्यांनी स्वतःच अनेकदा सांगितलंय, पण रीलमध्ये ते वाक्य कुणी ठेवत नाही. नवाजुद्दीन सिद्दीकी १९९६ ला एनएसडीतून निघाले, त्यांनाही खरं यश २०१२ लाच आलं. त्याआधी वडोदऱ्यात केमिस्ट आणि दिल्लीत वॉचमन ही कामं झालेली होती. मनोज वाजपेयी चंपारणच्या बेलवा गावचे. एनएसडीनं त्यांना पुन्हा पुन्हा नाकारलं, तरी दिल्लीत नाटक करत राहिले. १९९४ ला पहिला मोठा सिनेमा मिळाला, पण 'सत्या' यायला १९९८ उजाडलं.

तिघांचं गाव, परिस्थिती सगळं वेगळं, पण एक गोष्ट सारखी आहे. तिघंही गावातून थेट मुंबईला गेले नाहीत. मधे दिल्ली होती, रोजची तालीम होती, आणि पोटाला कुठून तरी मिळत होतं. 'गरिबीतून वर आला' या वाक्यात हा मधला टप्पा गाळला जातो, आणि आपली पोरं नेमकी तिथंच अडकतात.

कुणी म्हणेल, 'सैराट'ची रिंकू राजगुरू तर अकलूजची शाळकरी मुलगी होती, तिनं कुठं शिक्षण घेतलं होतं? खरंय. पण तिथं दिग्दर्शकाला त्याच भागातला, त्याच बोलीचा, कॅमेरा न पाहिलेला चेहरा हवा होता आणि तो शोधत स्वतः आला. असा शोध आपल्या गावात कधी येईल याचं वेळापत्रक नसतं. त्यावर रान विकता येत नाही.

आता करायचं काय ते सांगतो. भाच्याला पदवीला घाला. एनएसडीच्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमाला पदवी लागते, वय १८ ते ३० मध्ये लागतं आणि किमान सहा नाटकांत काम केलेलं असावं लागतं. हिंदी-इंग्रजी कामापुरती समजायला हवी. निवड झाली की विद्यार्थ्याला दरमहा शिष्यवृत्ती मिळते. शेतकऱ्याच्या पोराला याच्याइतका स्वस्त रस्ता दुसरा नाही. पण बारावीच्या निकालावर तिथं काही होत नाही, म्हणून पुढची तीन वर्षं पदवी आणि सहा नाटकं ही दोन खाती सोबत भरायची.

तुमचं गाव बीड जिल्ह्यात, म्हणजे छत्रपती संभाजीनगरचं डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठ. तिथं नाट्यशास्त्र विभाग आहे. 'वऱ्हाड निघालंय लंडनला' एकट्यानं उभं करणारे लक्ष्मण देशपांडे याच विभागात शिकवायचे. सिनेमाचं नाव मनातून काढून भाच्यानं आधी विद्यापीठाच्या युवक महोत्सवात उतरावं. एकांकिका, प्रहसन, मूकाभिनय, नकला, लोकनाट्य, भारूड, पोवाडा, सगळं असतं. पहिल्या वर्षी एकांकिकेत मोठी भूमिका मिळणार नाही, सीनियर असतात. नेपथ्य उचलायला लावतील, प्रॉम्प्टिंगला बसवतील. तोंड वाकडं न करता करायचं, कारण तालमीत रोज बसलेला माणूसच ऐन वेळी बदली म्हणून उभा राहतो. मग राज्य नाट्य स्पर्धा. शासनाच्या सांस्कृतिक कार्य संचालनालयाची ही हौशी स्पर्धा संभाजीनगर, नांदेड, परभणी, लातूर अशा केंद्रांवर होते. शहरातल्या हौशी संस्थांना दरवर्षी माणसं कमीच पडतात, विशेषतः रोज संध्याकाळी वेळेवर येणारी.

खर्चाचं म्हणाल, तर विद्यापीठात 'कमवा व शिका' आहे, शासकीय वसतिगृहं आहेत, अनुसूचित जातीच्या मुलांना वसतिगृह मिळालं नाही तर राहण्या-जेवणाचे पैसे देणारी स्वाधार योजना आहे. अर्जाच्या तारखा चुकवू नका. उत्पन्नाचा दाखला आणि रहिवासी दाखला जूनआधीच काढून ठेवा. पोरं निकाल लागल्यावर तहसीलच्या रांगेत उभी राहतात आणि तोवर जागा भरलेल्या असतात.

एक बारीक गोष्ट, पण याच्यावर अर्ज अडतो. प्रत्येक नाटकाची स्मरणिका, प्रमाणपत्र, जाहिरातीचं कात्रण आणि स्टेजवरचा एक फोटो एका फाइलीत लावायचा. प्रमाणपत्रावरचं नाव दहावीच्या सनदेसारखंच पाहिजे. आपल्याकडं एका कागदावर 'बाळू', दुसऱ्यावर 'बाळासाहेब', तिसऱ्यावर वडिलांचं नावच नाही, असं सर्रास असतं. सहा नाटकं केलेली असतात आणि सिद्ध तीनच होतात.

आता बोलीबद्दल. भाचा म्हणे गावची भाषा लपवायला लागलाय, पुण्यासारखं बोलतो. हे थांबवा. परभणी-बीडकडचं 'काय करायलास', उदगीर-निलंग्याकडचं 'काय करूलालास', हा त्याचा माल आहे. मकरंद अनासपुरेंनी मराठवाडी बोली पडद्यावर खणखणीत वाजवली. माजलगावच्या संदीप पाठक यांनी पुढं 'वऱ्हाड'चे प्रयोग केले. बोली टिकवायची आणि तिच्या शेजारी प्रमाण मराठी दुसरी भाषा म्हणून शिकायची. हवं तेव्हा या भाषेतून त्या भाषेत जाता आलं पाहिजे. 'पाणी' आणि 'पानी', 'शाळा' आणि 'साला', यातला फरक हुकमी हवा. त्यासाठी रोज सकाळी वर्तमानपत्राचा अग्रलेख मोठ्यानं वाचायचा, मोबाइलवर रेकॉर्ड करायचा, आणि ण-न, ळ-ल, श-स जिथं घसरले तिथं पेन्सिलीनं खूण करायची. वीस मिनिटं पुरतात, पण रोज.

हिंदीचं दुखणं निराळं आहे. मराठी माणूस 'पैसा' म्हणताना 'पइसा' म्हणतो, 'और'चं 'अउर' करतो. हिंदीत तो एकच उघडा स्वर असतो. 'ज्ञान' आपण 'द्न्यान' म्हणतो, ते 'ग्यान' म्हणतात; आपलं 'क्रुष्ण', त्यांचं 'क्रिष्ण'. 'चाचा'मधला च आपण चमच्यातल्या चसारखा काढला की समोरचा हसतो. ऑडिशनमध्ये हे एका वाक्यात पकडलं जातं आणि मग वाट्याला कायम मोलकरणीचा नवरा नाहीतर हवालदार येतो. हवालदार करायला हरकत नाही, पण फक्त तोच नको.

घरबसल्या एक काम आजपासून करता येतं : सेल्फ टेप, म्हणजे घरीच मोबाइलवर काढून पाठवायचा ऑडिशनचा व्हिडिओ. हल्ली पहिली चाळणी व्हिडिओवर होते. गावच्या घरात टेप बिघडतो तो आवाजामुळं. पत्र्याचा कडकडाट, पंखा, मंदिराचा भोंगा, दारातली शेळी. सकाळी आठ-नऊच्या सुमाराला, पंखा बंद करून, उघड्या दाराकडं तोंड करून उभं राहायचं, म्हणजे उजेड समोरून येतो. दाराकडं पाठ केली की चेहरा काळा पडतो. सगळ्यात जास्त चूक हीच. मागची भिंत मोकळी हवी, कॅलेंडर आणि देवाचे फोटो काढून ठेवा. भिंत भडक हिरवी-निळी असेल तर साधी राखाडी चादर ताणून लावा. खोलीत आवाज घुमत असेल तर मोबाइलच्या मागच्या बाजूला, दारातला उजेड न अडवता, दोरीवर दोन गोधड्या वाळत घाला, घुमणं निम्मं कमी होतं. मोबाइल आडवा, डोळ्यांच्या उंचीवर. स्टँड नसेल तर कोठीवर डबे रचा. मागचा कॅमेरा वापरायचा, फ्लाइट मोड लावायचा, छातीपासून वर फ्रेम. समोरचे संवाद वाचणारा माणूस कॅमेऱ्याच्या अगदी शेजारी उभा करा, आणि त्यानं हळू बोलायचं, कारण माइक त्याच्या जवळ असतो. सुरुवातीला नाव, वय, उंची, राहतो कुठं आणि भाषा कोणत्या येतात हे सांगायचं, डावी-उजवी बाजू आणि हात दाखवायचे, मग दीड-दोन मिनिटांचा प्रसंग. पार्श्वसंगीत घालायचं नाही, फिल्टर नाही. व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवायचा तर डॉक्युमेंट म्हणून पाठवा, नाहीतर चित्र फाटतं. ड्राइव्हची लिंक दिली तर ती सगळ्यांना उघडेल असं सेटिंग करा. कुलूप लागलेली लिंक कुणी परत मागत नाही, पुढच्या पोराचा टेप बघतात.

आणि माहितीत काय येतं ते लिहायला लाजायचं नाही. ट्रॅक्टर, बैलगाडी, विहिरीत पोहणं, कुस्ती, हलगी, कोयत्यानं ऊस तोडणं. शहरातल्या पोराला हे शिकवायला युनिटचे दिवस जातात.

फसवणुकीचं लवकर उरकतो, कारण नियम एकच आहे : काम देणारा पैसे मागत नाही. आपल्या जिल्ह्याच्या ठिकाणी 'आगामी मराठी चित्रपटासाठी ऑडिशन' अशी पत्रकं लागतात. आधी पाचशे रुपये फॉर्म, मग 'निवड झाली, वर्कशॉपचे पंधरा हजार', मग 'कलाकाराचं कार्ड काढावं लागेल', शेवटी 'हीरोचा रोल आहे, निर्मितीत दोन लाख घाला'. पहिल्या पाचशेलाच उठून यायचं. महागडा पोर्टफोलिओही आत्ता नको. दिवसाच्या उजेडात, मेकअपशिवाय काढलेले समोरून, बाजूनं आणि पूर्ण उंचीचे तीन-चार फोटो पुरतात. एनएसडीसाठीसुद्धा 'हमखास प्रवेश' सांगणारे क्लास आहेत. हमखास कुणाच्या हातात नसतं.

पदवीनंतर एनएसडी झालं नाही तर? एकदा नापास झाला म्हणून दार बंद होत नाही, वय आहे तोवर पुन्हा बसता येतं. पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र आहे, मुंबई विद्यापीठाची अकादमी ऑफ थिएटर आर्ट्स आहे, पुण्याची एफटीआयआय, म्हणजे सिनेमा शिकवणारी सरकारी संस्था आहे. नाहीतर सरळ मुंबई, पण तेव्हा हातात सहा-आठ नाटकं, तीन भाषा आणि स्वतःच्या कमाईतून साठवलेले सहा महिन्यांचे पैसे असतील.

तिथं गेल्यावर अंधेरीला वर्सोव्याजवळ आराम नगर म्हणून भाग आहे, कास्टिंगवाल्यांची बरीच ऑफिसं तिथं. ऑडिशन साधारण दुपारी चालतात, म्हणून नोकरी रात्रीची किंवा पहाटेची बघायची. दहा ते सहाची नोकरी धरली की ऑडिशन संपल्या. डबिंग, बॅकस्टेज, सहायक दिग्दर्शकाचं काम, हे सगळं चालेल. ज्युनिअर आर्टिस्ट म्हणून गर्दीत उभं राहणं मात्र शक्यतो टाळावं. रोख मिळते हे खरं, पण चेहरा 'गर्दीतला' म्हणून माहीत झाला की त्याच ऑफिसात संवादाची भूमिका मागणं अवघड जातं. मालिकेचं काम मिळालं तर पर डे किती, शिफ्ट किती तासांची आणि पैसे किती दिवसांनी, हे तीन आकडे व्हॉट्सअ‍ॅपवर तरी लिहून घ्यायचे. काम आज झालं तरी मालिकेचे पैसे यायला ९० दिवस लागणं नेहमीचं आहे, आणि त्यातून कोऑर्डिनेटरचा, म्हणजे काम मिळवून देणाऱ्याचा, वाटाही जातो. पहिला चेक येईपर्यंतचं भाडं आधीच बाजूला हवं. व्यावसायिक नाटकात 'नाइट' ठरते, म्हणजे प्रयोगामागे पैसे. तिथं हिशोब लवकर होतो, पण दौऱ्यावर असताना ऑडिशन हुकतात.

मेहुण्यांना तेवढं सांगा, सातबारा परत कपाटात ठेवा. भाच्याला म्हणावं, या आठवड्यात एक टेप काढ, उजेड समोरून घेऊन. इथं टाकलात तर मी आणि बाकीचे बघून सांगू कुठं काय चुकतंय ते.